टेनेसीच्या गृहस्थांशी जोडी

वॉशिंग्टन, ९ जानेवारी १९१२, मंगळवार

आज पपांच्या नावाने एकसष्ट सह्या केल्या. ‘ऑरिन वेदरबी’ हे नाव आता माझ्या हातून त्यांच्यापेक्षा ठाम उमटतं. पत्रं नेहमीचीच. यादवी युद्धातल्या एका शिपायाच्या विधवेला पेन्शन हवी आहे, कुणाला गावात पोस्ट ऑफिस हवं आहे. शिवाय मतदारांना फुकट पाठवायची सरकारी बियाण्याची पाकिटं यंदा लवकर आली: सलगम, काकडी, गाजर. ओहायोतल्या आमच्या मतदारसंघात बारा हजार घरं आहेत आणि पत्ते लिहायला मी एकटी. तेरा वेळा प्रतिनिधिगृहावर निवडून आलेल्या माणसाची मुलगी असण्याचं सुख ते हेच.

पण वही उघडली ती या तक्रारीसाठी नाही. दुपारी मतदानाची घंटा वाजली. सभागृहात नावं पुकारायला लागले की या इमारतीत खोलीखोलीतून घंटा वाजते आणि सभासद हातातलं टाकून धावतात. पपा खिडकीकडे तोंड करून वाचत होते. हलले नाहीत. “पपा, घंटा,” मी म्हणाले. उत्तर नाही. समोर जाऊन उभी राहिले तेव्हा मान वर केली.

“काय गं?”

“घंटा होतेय. जायचं नाही का?”

ते माझ्या तोंडाकडे बघत राहिले. मग हसले. “माझी जोडी आहे.”

“कुणाशी?”

त्यांनी पान उलटलं. मी पुन्हा विचारलं. त्यांनी आणखी एक पान उलटलं.

१२ जानेवारी, शुक्रवार

कुणाशी ते आज कळलं, आणि तेही शेजारच्या कचेरीतल्या मिस स्ट्रंककडून. मिस स्ट्रंक इंडियानाच्या सभासदाकडे कारकून आहे आणि सगळ्या मजल्याचं तिला माहीत असतं.

“अगं, टेनेसीच्या डॅबनीशी! पूर्ण अधिवेशनभर. तुला ठाऊक नाही? तूच ना त्यांचा उजवा हात?”

मी म्हणाले, ठाऊक आहे. खोटं बोलले.

जोडी लावायची ती गावाला गेलेल्या किंवा आजारी पडलेल्या माणसासाठी. एक आपल्या पक्षाचा, एक पलीकडचा. हा मत देणार नाही, मग तोही देणार नाही, म्हणजे कुणाचं नुकसान नाही. त्यावर कायदा नाही, फक्त शब्द आहे; आणि जोडी मोडणाऱ्या माणसाशी या शहरात नंतर कुणी हात मिळवत नाही. हे सगळं ठीक. पण पपाही इथेच आहेत आणि पर्सेल डॅबनीही इथेच आहे. दोघे धडधाकट. मग जोडी कशाला?

डॅबनी डेमोक्रॅट, म्हणजे पलीकडच्या पक्षाचा. परदेशी लोकरीवरची जकात उतरवायला निघालेल्या टोळीतला. आणि आमच्या मतदारसंघात माणसांपेक्षा मेंढ्या जास्त आहेत.

१६ जानेवारी, मंगळवार

डॅबनी जेवायला आला होता. येताना टेनेसीचं डुकराचं वाळवलेलं मांस घेऊन आला. “मिस लविनिया, हे रात्रभर भिजवा. नाहीतर तुमच्या पपांचे उरलेले दातही जातील.” लठ्ठ, हळू बोलणारा माणूस. त्याची बोली ऐकली की वाटतं, याला कसलीच घाई नाही. असली माणसं मला नेहमी भीतीदायक वाटतात.

जेवताना तो पपांच्या उजवीकडे बसला, माझ्या जागेवर. पपांनीच त्याला तिथे बसवलं.

जेवण झाल्यावर मी कॉफी घेऊन आत गेले तर दोघे शेकोटीपाशी समोरासमोर बसलेले आणि डॅबनी गुडघ्यावर कागद ठेवून काहीतरी लिहीत होता. लिहून त्याने तो पपांना दिला. पपांनी वाचून मान हलवली आणि कागद शेकोटीत टाकला. हातभर अंतरावर बसलेली दोन माणसं एकमेकांना चिठ्ठ्या लिहितात! घरात माझ्याशिवाय कुणी नाही. म्हणजे ती खबरदारी माझ्यासाठीच.

२ फेब्रुवारी, शुक्रवार

घरून वर्तमानपत्र आलं. मे महिन्यात पक्षाची उमेदवारी ठरायची आहे आणि एल्बर्ट क्रॉल नावाचा एक तरुण वकील पपांच्या विरुद्ध उभा राहतो आहे. त्याने अख्खं पान छापून घेतलं आहे: ‘नाव पुकारलं तेव्हा वेदरबी कुठे होते?’ खाली एक्केचाळीस मतदानांची यादी. प्रत्येकासमोर ‘मत दिले नाही’.

मी ते पपांच्या पुढ्यात ठेवलं. “याला उत्तर द्यायला हवं.”

“पोरगा मेहनती आहे,” ते म्हणाले. “एक्केचाळीस! मी मोजले नव्हते.”

“पपा, डॅबनीशी जोडी का लावली तुम्ही? त्याने काय सांगितलं तुम्हाला?”

मी मागे उभी राहून त्यांच्या खांद्यांवर शाल घालत होते. ते अगदी गप्प राहिले, मी जणू बोललेच नाही. पूर्वी पपा माझ्यावर चिडायचे, दार आपटायचे. ते परवडलं असतं. ही शांतता मला कुणी शिकवून पाठवल्यासारखी वाटते.

५ फेब्रुवारी, सोमवार

जेवण झाल्यावर पियानो वाजवायला बसले. आई गेल्यापासून आठ वर्षं हा आमचा नेम होता, पण या हिवाळ्यात त्यांनी एकदाही ‘वाजव’ म्हटलेलं नाही. आज न सांगता बसले. अर्धी धून झाली असेल, तोच ते उठून आले आणि पियानोच्या झाकणावर दोन्ही हात पालथे ठेवून उभे राहिले. डोळे मिटलेले. मला वाटलं, बंद कर म्हणतायत. मी थांबले. त्यांनी डोळे उघडले, माझ्याकडे पाहिलं, हात काढून घेतले आणि खोलीत निघून गेले.

आता नाही वाजवणार. मला कळतं.

१९ फेब्रुवारी, सोमवार

एक चिठ्ठी जळायची राहिली होती. सकाळी राख काढताना जाळीखाली सापडली. डॅबनीचंच अक्षर. कडा करपलेली, पण वाचता येते: ‘...माझ्याकडे पाहत राहा. मी मान हलवली की उभा राहा, हात कोटाला लावला की बसून...’

दोनदा वाचली.

सव्वीस वर्षं हा माणूस कुणाच्या इशाऱ्यावर उठला-बसला नाही. रेल्वेवाल्यांच्या नाही, स्वतःच्या पक्षाच्या पुढाऱ्यांच्या नाही. आणि आता टेनेसीचा एक गलेलठ्ठ वकील मान हलवेल तसा तो उठणार? कशाच्या बदल्यात? त्याच्या हातात पपांचं काहीतरी सापडलेलं आहे. जुनं पत्र, जुनी चूक. त्याशिवाय हे होत नाही.

चिठ्ठी या वहीत ठेवली आहे.

२७ फेब्रुवारी, मंगळवार

पाकिटं संपत आली. सलगमच्या बियांचा वास माझ्या केसांना येतो.

मिस स्ट्रंक म्हणाली, डिसेंबरात एकदा पपांनी भलत्याच प्रश्नावर ‘होय’ म्हटलं होतं. सगळे हसले होते. डॅबनीने उठून काहीतरी विनोद केला आणि वेळ मारून नेली. “त्या दिवसापासून त्यांची गट्टी,” ती म्हणाली. “तुझे पपा आपल्या माणसांत बसायचं सोडून पलीकडच्या बाजूला, त्याच्याजवळ जाऊन बसतात हल्ली.”

म्हणजे त्या दिवशी त्याने जाळं टाकलं. आधी उपकार केला, मग दोरी आवळली.

६ मार्च, बुधवार

शुक्रवारी लोकरीच्या जकातीवर मतदान आहे. क्रॉलने घरी जाहीर केलं आहे की वेदरबी यालाही गैरहजर राहतील, पैज लावा. पपांनी या एका वेळी मत दिलं नाही तर मे महिन्यात त्यांना कुणी विचारणार नाही. सव्वीस वर्षं एका पानात पुसली जातील. जिल्ह्यातले सगळे मेंढपाळ डोळे लावून बसले आहेत.

आज डॅबनी घाईघाईने कचेरीत आला. त्याची बहीण आजारी आहे, आज दुपारच्या गाडीने तो घरी निघाला. पपांच्या समोर उभा राहून, शब्दन् शब्द सुटा करत म्हणाला, “ऑरिन. जोडी. आहे ना?”

“आहे,” पपा म्हणाले. “तू जा.”

ऐन लोकरीच्या आठवड्यात बहीण आजारी पडली! ती आजपर्यंत कधी आजारी नव्हती. मी सांगते काय होईल: शुक्रवारी नावं पुकारायला लागली की हा गृहस्थ मागच्या दारातून आत येईल, जकातीविरुद्ध मत देईल, आणि पपा शब्दाने बांधलेले, तोंड बांधल्यासारखे बसून राहतील.

७ मार्च, गुरुवार

केलं.

सभागृहाच्या मेजावर जोड्यांची नोंद ठेवणाऱ्या कारकुनाच्या नावाने पत्र लिहिलं. ‘टेनेसीचे मिस्टर डॅबनी यांच्याशी असलेली माझी जोडी मी आजपासून मागे घेत आहे.’ खाली सही. रोज साठ करते, ही एकसष्टावी. कारकुनाने वर पाहिलंही नाही.

जोडी सोडताना दुसऱ्याला आधी कळवावं लागतं, हे मला माहीत आहे. पण ज्याच्यापासून घर वाचवायचं त्यालाच सांगून कुणी कडी घालतं का?

पपांना उद्या सकाळी सांगेन. जोडी उरली नाही म्हटल्यावर ते मत देतीलच. ओहायोचा माणूस लोकरीच्या प्रश्नावर गप्प कसा बसेल?

८ मार्च, शुक्रवार

सकाळी सांगितलं. ते दाढी करत होते. मी दारातून म्हणाले, “पपा, डॅबनीची जोडी आता नाही. तुम्ही मोकळे आहात. आज मत द्या.” आरशातून माझ्याकडे पाहून ते हसले आणि मान डोलावली. मला इतकं हलकं वाटलं की मी जिन्यावरून जवळजवळ धावत उतरले.

गॅलरीत पुढची जागा मिळाली. सभागृह खचाखच भरलेलं. डॅबनी कुठेच नव्हता. मागच्या दारावर नजर ठेवून मी बसले होते. तो आला नाही.

नावं पुकारत पुकारत ‘व’पर्यंत आली. “वेदरबी!”

पपा समोर पाहत होते. काही बोलले नाहीत. पुन्हा, “वेदरबी!” शेजारच्याने कोपराने ढोसलं. पपा उभे राहिले, चहूकडे पाहिलं. पलीकडच्या ओळीत डॅबनीची जागा रिकामी होती. तिथे त्यांची नजर जरा जास्त वेळ थांबली. मग त्यांच्या जुन्या, भरदार आवाजात म्हणाले, “हजर. माझी टेनेसीच्या गृहस्थांशी जोडी आहे.”

मेजावरून कारकून म्हणाला, “सन्माननीय सभासदांनी काल लेखी पत्राने ती जोडी मागे घेतली आहे.”

पपा हसले. “माझी टेनेसीच्या गृहस्थांशी जोडी आहे,” तेच, त्याच सुरात.

कारकुनाने पत्र उचलून वाचून दाखवलं. मोठ्याने, सहीसकट. कुणीतरी ओरडलं, “डॅबनी गाडीत बसल्यावर मागे घेतली होय!” दुसरं कुणी म्हणालं, “हात लिहितो एक आणि तोंड बोलतं दुसरं!” हशा पिकला. पपांनी हसणाऱ्यांकडे पाहिलं आणि तेही हसले. एक क्षण उशिरा. कारकुनाला वाकून “आभारी आहे” म्हणाले आणि खाली बसले.

तेव्हा हशा थांबला. वरून मला दिसत होतं, चारशे माणसांना एकाच वेळी काहीतरी कळत होतं. मला ते त्यांच्या चेहऱ्यांवरून कळलं. सगळ्यांत शेवटी.

जकात उतरवण्याचं विधेयक चार मतांनी मंजूर झालं.

९ मार्च, शनिवार

सभागृहाचा छापील वृत्तान्त रोज सकाळी दारात येतो. पपा ओळीखाली बोट ठेवून वाचत होते. ते पत्र आलं तिथे बोट थांबलं.

“विनी, हे मी लिहिलं?”

मी काही बोलले नाही. बोलून काय उपयोग, असं वाटलं आणि त्याचीच लाज वाटली.

“डावा कान दोन वर्षांपूर्वीच गेला,” ते छापील पानाकडे बघत म्हणाले. “उजव्यात थोडं होतं. नोव्हेंबरात तेही गेलं. माणूस समोर असला की ओठांवरून भागतं. मिशा असल्या की पंचाईत.”

मी त्यांच्या समोर गुडघ्यांवर बसले. “मला का नाही सांगितलंत?”

“डॅबनी रोज म्हणायचा, पोरीला सांग. मीच म्हटलं, तिला कळलं तर ती मला घरी नेऊन बसवेल. आणखी एक वर्ष, म्हटलं. विधवांच्या पेन्शनची नऊ विधेयकं राहिली आहेत. ती पत्रं तर वाचूनच होतात, त्यांना कान कशाला लागतात?”

मी त्यांना घरी नेलंच असतं. हे त्यांना माझ्याआधी ठाऊक होतं.

मग एक गोष्ट डोक्यात आली, जी जानेवारीत यायला हवी होती. जोडी दोघांची असते. एक्केचाळीस वेळा पपांचं मत गेलं, तसं एक्केचाळीस वेळा डॅबनीचंही गेलं. त्याच्या गावातही एखादा क्रॉल असेलच. त्याने ते कशाला सोसलं? अजूनही मन म्हणतं, काहीतरी कारण असणार. मी माझ्या मनाला ओळखते आहे, आणि मला ते आवडत नाही.

११ मार्च, सोमवार

जिल्ह्याच्या पक्षाध्यक्षांची तार: ‘नाव मागे घ्या.’ पपांनी ती घडी करून खिशात ठेवली. “सीट गेली तर गेली, विनी. तेरा वेळा बसलो. पण त्या कारकुनाने जे वाचलं ते छापलं गेलंय. पन्नास वर्षांनी कुणी ते पान उघडलं तर लिहिलेलं असेल, वेदरबीने शब्द मोडला.”

मग ते मेजाशी बसून स्वतः काहीतरी लिहायला लागले. मी लिहू का विचारलं तर कागदावर हात झाकला.

दुपारी डॅबनी आला. बाहीवर काळी पट्टी होती. बहीण गुरुवारी गेली; तो गुरुवारीच पोचला होता, पण तिच्या शेवटानंतर तासाभराने.

मी दार धरून उभी.

“पत्र तुमचं?” त्याने हळूच विचारलं.

मी मान डोलावली.

“सही फार सुरेख जमलीय. मी स्वतः फसलो असतो.” मग टोपी हातात फिरवत म्हणाला, “मिस लविनिया, मीही एका म्हाताऱ्याचा मुलगा होतो. मला कुणी काही सांगितलं नव्हतं.”

“तुमची मतं गेली. एक्केचाळीस.”

“त्यातली तीस तर मी चुकीचीच दिली असती, असं तुमचे पपा म्हणतात.” तो जरासा हसला. “उद्या मी सभागृहात बोलणार आहे. त्याला सांगू नका. सांगितलंत तरी म्हातारा ऐकणार नाही, आणि या वेळी मी कानांबद्दल बोलत नाहीये.”

१२ मार्च, मंगळवार

प्रार्थना झाली आणि डॅबनी उभा राहिला. म्हणाला, शुक्रवारच्या पत्राबद्दल गैरसमज झाला आहे. ओहायोच्या गृहस्थांनी मला बुधवारीच, गाडीत बसण्याआधी, जोडी सोडत असल्याचं सांगितलं होतं आणि मी आनंदाने त्यांना मोकळं केलं होतं. शब्द मोडलेला नाही.

धडधडीत खोटं. तो खोटं बोलला तेव्हा त्याच्या बोलीतला संथपणा जराही ढळला नाही. बहिणीला पुरून आलेला माणूस.

तो बसेपर्यंत पपा त्याच्याकडे पाहत होते, पण डॅबनीचं तोंड अध्यक्षांकडे होतं. ओठ दिसत नव्हते. तो बसला तसे पपा उठले. खिशातून कागद काढला आणि वाचू लागले: “शुक्रवारी वाचलं गेलेलं पत्र मीच लिहिलं. टेनेसीच्या गृहस्थांना काहीही न कळवता, त्यांच्या पाठीमागे लिहिलं. नंतर ते लिहिल्याचं विसरलो. माझं वय झालं आहे. माझ्या कचेरीतल्या कुणाचाही त्यात हात नाही. मी सभागृहाची आणि माझ्या मित्राची क्षमा मागतो. येत्या निवडणुकीला मी उभा राहणार नाही.”

एकाने म्हटलं, मला आधी सांगितलं होतं. दुसऱ्याने लगेच म्हटलं, मी याला काहीच सांगितलं नव्हतं. आणि दुसऱ्याला पहिल्याचं ऐकूच आलं नव्हतं. शुक्रवारी हसलेली माणसं आज मेजावरच्या कागदांकडे पाहत होती. डॅबनीने डोळ्यांवर हात ठेवला. कुणी हरकत घेतली नाही. अध्यक्ष हलक्या आवाजात म्हणाले, “दोन्ही निवेदनं वृत्तान्तात घ्यावीत.”

म्हणजे छापलं जाणार. पन्नास वर्षांनी पान उघडणाऱ्याला दोन खोटी वाचायला मिळणार, आणि त्यातल्या एकावर विश्वास ठेवावा लागणार.

मी उभी राहिले. गॅलरीत बसणाऱ्याने बोलायचं नसतं, टाळीही वाजवायची नसते. दारावरचा माणूस लगेच पुढे आला. “बाईसाहेब, खाली बसा.”

“ते पत्र मी लिहिलं,” मी म्हणाले. माझा आवाज मला ओळखू आला नाही. “त्यांची सही मी केली. माझे वडील आणि मिस्टर डॅबनी, दोघांनाही काही माहीत नव्हतं. माझं नाव लविनिया वेदरबी.”

हातोडा वाजला. चारशे चेहरे वर वळले. दारावरच्या माणसाने माझं कोपर धरलं आणि मला बाहेर नेलं, रागाने नाही.

पपांनी वर पाहिलं होतं. ते सगळे पाहत होते म्हणून. इतक्या वरून, इतक्या लांबून माझे ओठ त्यांना दिसले नसणार.

बाहेर दगडी पायऱ्यांवर तासभर थांबले. वारा सुटला होता. शेवटी पपा आले, डॅबनीचा हात धरून. डॅबनीने मला पाहून टोपी काढली आणि आम्हा दोघांना सोडून पुढे चालू लागला.

“वर काय गडबड झाली?” पपांनी विचारलं. “दारावरचा माणूस तुला घेऊन जाताना दिसला.”

मी त्यांच्या समोर, एक पायरी खाली उतरून उभी राहिले, म्हणजे आमचे चेहरे एका उंचीवर येतील. आणि सांगितलं. हळू, शब्द सुटे करून. मी काय म्हणाले ते, आणि ते उद्या छापलं जाईल ते.

ते माझ्या ओठांकडे पाहत होते. “पुन्हा सांग.”

मी पुन्हा सांगितलं.

“पुन्हा.”

तिसऱ्यांदा सांगताना मला रडू आलं, त्यामुळे शब्द वाकडे झाले असतील. तरी त्यांनी मान हलवली, हातमोजा काढला आणि माझा गाल पुसला.

मला दाट संशय आहे की त्यांना पहिल्या वेळीच सगळं कळलं होतं.